‘व इतर’मधली एक मुलगी

नाटकाच्या किंवा चित्रपटाच्या जाहिरातीत नावे लागतात ती उतरंडीने. वर नायक-नायिकेची ठसठशीत अक्षरे, त्याखाली खलनायक, त्याखाली विनोदी नट, आणि अगदी तळाशी बारीक टाइपात दोनच शब्द असतात : ‘व इतर’. आज मी तुम्हांला या ‘व इतर’मधल्या एका मुलीची हकीकत सांगणार आहे. ती आपल्या देशातली नव्हे. अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्यातली, लॉस एंजलिसच्या परिसरातली. तिचे नाव डॉमिनिक डन. जन्म २३ नोव्हेंबर १९५९ चा आणि मृत्यू ४ नोव्हेंबर १९८२ चा. तेविसावा वाढदिवस एकोणीस दिवसांवर आला होता. पडद्यावरचे तिचे आयुष्य म्हणाल, तर १९७९ ते १९८२, बस्स, एवढेच.

तुम्ही म्हणाल, इतक्या लांबच्या, इतक्या थोड्या दिवसांच्या नटीची गोष्ट आम्हांला कशाला? आमच्या गावात कोण तिला ओळखते? खरे आहे. मीही तिला ओळखत नव्हतो. तिचा एक चित्रपट मी तालुक्याच्या गावी व्हिडिओवर पाहिला होता, तो भुताखेतांचा म्हणून. त्यातली मोठी मुलगी कोण, हे विचारायचे मला सुचलेही नाही. पुष्कळ वर्षांनी तिची हकीकत वाचनात आली, आणि मग एका वेगळ्याच कारणाने ती माझ्या मनात घर करून राहिली. ते कारण ओघात येईलच.

डॉमिनिकचे घराणे या धंद्यातलेच. वडील दूरचित्रवाणीचे कार्यक्रम आणि चित्रपट यांचे निर्माते. त्यांचेही नाव आपल्या लिपीत लिहिले की डॉमिनिक असेच होते. म्हणून घोटाळा नको, मी त्यांना नुसते ‘वडील’ म्हणेन. चुलते जॉन ग्रेगरी डन आणि चुलती जोन डिडियन हे दोघेही नावाजलेले लेखक. थोरला भाऊ ग्रिफिन नट. तिच्या आधी या घरात दोन मुली जन्मल्या होत्या, त्या तान्हेपणीच गेल्या. त्यामुळे ही शेंडेफळ पोर म्हणजे घरादाराच्या डोळ्यांतली बाहुली. पुढे आईवडिलांचा घटस्फोट झाला. वडील दारूच्या नादी लागले, कामधंदा गेला, आणि अखेर ते सगळे सोडून न्यूयॉर्कला लेखनाच्या आशेने जाऊन राहिले. आईला मज्जासंस्थेचा असाध्य आजार जडला आणि ती हळूहळू चाकाच्या खुर्चीला खिळली. मुलगी मात्र आईला धरून होती. शाळा संपल्यावर ती वर्षभर इटलीतल्या फ्लॉरेन्सला जाऊन राहिली, मग कोलोरॅडोच्या विद्यापीठात तिने अभिनयाचे धडे घेतले, आणि एकोणीस-वीस वर्षांची असताना ती कामाला लागली.

आता हे काम कसले, ते जरा नीट सांगितले पाहिजे. अमेरिकेत तेव्हा दूरचित्रवाणीवर दर आठवड्याला एकेका तासाच्या मालिका चालत. त्यांतली मुख्य माणसे ठरलेली : पोलीस, वकील, डॉक्टर, वर्तमानपत्राचा संपादक. पण दर आठवड्याला गोष्ट नवी हवी. गोष्ट नवी, म्हणजे संकट नवे. आणि संकट नवे, म्हणजे संकटात सापडलेले माणूस नवे. हे माणूस एका आठवड्यापुरते येते, रडते, पळते, वाचते किंवा मरते, आणि पुढच्या आठवड्याला कोणाला आठवतही नाही. आपल्याकडच्या तमाशात मावशी ठरलेली, सोंगाड्या ठरलेला, पण वगात एखादा सावकार, एखादा फौजदार हवाच ना! तसेच हे. डॉमिनिकने अशी पाहुणी कामे भराभर केली. १९७९ च्या ‘डायरी ऑफ अ टीनेज हिचहायकर’ या दूरचित्रपटापासून तिची सुरुवात झाली. मग ‘लू ग्रँट’ ही वर्तमानपत्राच्या कचेरीतली मालिका, ‘हार्ट टू हार्ट’, ‘फेम’, रस्त्यावरच्या पोलिसांवरची ‘चिप्स’. ‘ब्रेकिंग अवे’ नावाच्या मालिकेत तिला वरचेवर येणारे पात्र मिळाले. पण ती मालिकाच फार दिवस टिकली नाही.

अशा कामाला कोणी हसू नये. नायिकेला आपले दुःख प्रेक्षकांच्या गळी उतरवायला दोन तास मिळतात. पाहुण्या नटीला मिळतात आठ-दहा मिनिटे, आणि तेवढ्यात आपण कोण, कुठल्या, आपल्याला कसली भीती, हे सगळे तिला पटवून द्यावे लागते.

१९८२ च्या जून महिन्यात तिचा पहिला मोठा चित्रपट लागला : ‘पोल्टरगाइस्ट’. दिग्दर्शक टोबी हूपर. निर्मितीत आणि पटकथेत स्टीव्हन स्पिलबर्ग. गोष्ट अशी, की नव्या वसाहतीतल्या एका साध्या कुटुंबाच्या घरात भुते शिरतात. शिरतात ती टेलिव्हिजनच्या पडद्यातून, आणि धाकट्या मुलीला ओढून नेतात. पुढे कळते, की ती वसाहतच जुन्या दफनभूमीवर बांधलेली होती. वरच्या पाट्या हलवल्या, पण खालची मढी तशीच ठेवली. डॉमिनिकने यात सोळा वर्षांच्या थोरल्या बहिणीचे, डेनाचे काम केले आहे. काम फार नाही. पण घरातली थोरली मुलगी, अर्धी पोर अर्धी बाई, तोंडाने फटकळ आणि मनातून हबकलेली, ही तिने फार खरी उभी केली आहे. चित्रपट तुफान चालला. त्याच वर्षी टॉम सेलेक आणि सॅम इलियट यांच्याबरोबरचा ‘द शॅडो रायडर्स’ हा घोडेस्वारांचा दूरचित्रपट झाला. पाठोपाठ ‘व्ही’ नावाच्या मोठ्या मालिकेत तिची निवड झाली. परग्रहावरचे लोक पृथ्वीवर उतरतात, अशी ती गोष्ट. ‘व इतर’मधून नाव वर सरकायला लागले होते.

आता घरातली गोष्ट.

१९८१ च्या अखेरीस एका समारंभात तिची एका तरुणाशी ओळख झाली. हा मोठ्या, श्रीमंती उपाहारगृहात आचारी होता. मुख्य आचाऱ्याच्या हाताखालचा, पण कसबी. त्याचे नाव मी घेणार नाही. ज्यांना हवे त्यांना ते सापडेल, लपलेले नाही. पण या हकीकतीत निदान एका ठिकाणी तरी ‘व इतर’मध्ये त्याने राहावे, असे मला वाटते. दोघे एकत्र राहू लागले. थोड्याच महिन्यांत त्याचा संशय सुरू झाला. कोणाशी बोललीस, कुठे गेली होतीस. ऑगस्ट १९८२ मध्ये त्याने तिचे केस मुठीमुठीने उपटले. ती पळून आईकडे गेली. तो मागोमाग आला आणि दार बडवू लागला. आईने पोलिसांची धमकी दिली तेव्हा गेला. काही दिवसांनी डॉमिनिक परत त्याच्याकडे गेली.

इथे ऐकणाऱ्यांपैकी काहींच्या तोंडी येईल, ‘मग गेलीच कशाला परत?’ हा प्रश्न आपल्या फार लवकर तोंडी येतो. ‘त्याने मारले कशाला?’ हा प्रश्न तितक्या लवकर येत नाही. असो.

२६ सप्टेंबरला त्याने तिचा गळा धरून जमिनीवर पाडले. घरात पाहुणा म्हणून राहिलेल्या एका मित्राने तिची घुसमट ऐकली आणि तो धावून आला. त्याने साफ नाकारले, मी काही केलेच नाही, म्हणाला. डॉमिनिकने झोपायला जात असल्याचे दाखवले, न्हाणीघराच्या खिडकीतून बाहेर उडी टाकली आणि गाडी सुरू केली. तो गाडीवर झेपावला. तरी ती निसटली. काही दिवस ती आईकडे आणि मैत्रिणींकडे राहिली. मग तिने संबंध तोडला, त्याला घराबाहेर काढले, कुलपे बदलली आणि ती आपल्या घरी परत आली. म्हणजे शहाण्या माणसाने जे जे करावे असे आपण सांगतो, ते सगळे तिने केले.

आणि याच दिवसांत तिच्याकडे एक पाहुणे काम आले. ‘हिल स्ट्रीट ब्लूज’ ही त्या काळची अतिशय नावाजलेली मालिका, पोलीस ठाण्यातल्या रोजच्या जीवनावरची. एका भागात एक अल्पवयीन आई हवी होती, घरात मार खाऊन खाऊन हबकलेली. असे काम असले की नटीला आधी रंगभूषेच्या खुर्चीत बसवतात. निळा, जांभळा, पिवळट रंग लावून मुका मार उठवतात; तो एक हुन्नरच आहे. डॉमिनिकच्या बाबतीत तो सगळा हुन्नर लागला नाही. पडद्यावर दिसणाऱ्या वळांपैकी काही वळ खरे होते. २६ सप्टेंबरचे.

श्रोतेहो, मघाशी मी म्हटले ना, एका कारणाने ही हकीकत माझ्या मनात राहिली? ते हे. एक मुलगी मार खाल्लेल्या मुलीचे सोंग घेऊन उभी आहे, अंगावर खरा मार आहे, लाखो लोक बघताहेत, आणि बघणाऱ्याला वाटते, काय बेमालूम काम करते ही! त्यांचा तरी काय दोष? ते नाटक पाहायला बसले होते. पण आपण काही नाटक पाहायला बसलेले नसतो.

मी पंचवीस वर्षे खेड्यातल्या शाळांत मास्तरकी केली. एका वर्षी माझ्या वर्गातल्या एका मुलीची आई दाखल्यासाठी आली. डोळ्याखाली काळेनिळे, ओठ फुटलेला. मी सहज विचारले, ‘काय हो बाई, काय लागले?’ म्हणाली, ‘विहिरीच्या पायरीवरनं घसरले, गुर्जी.’ मी म्हटले, ‘जपून चालावं,’ आणि दाखला लिहून दिला. तिची मुलगी शेजारीच उभी होती, खाली मान घालून. त्या मुलीची मान मला तेव्हाही दिसली होती. मला विहिरीची पायरी खरी वाटली होती असे नाही. मला ती सोयीची वाटली होती.

आता पुढे सांगतो.

३० ऑक्टोबर १९८२ ची रात्र. डॉमिनिक आपल्या घरी ‘व्ही’मधल्या एका सहकलाकाराबरोबर संवादांची तालीम करीत होती. तो आचारी आला. आधी ती बंद दाराआडून बोलली, मग त्याच्याशी बोलायला बाहेर गेली. आत बसलेल्या मित्राला आरडाओरडा ऐकू आला, मारल्याचे आवाज आले, मग काही पडल्याचा आवाज. त्याने पोलिसांना टेलिफोन केला. पलीकडून उत्तर मिळाले, की हा पत्ता आमच्या हद्दीत येत नाही! तो भाग तेव्हा नगरपालिकेचा नव्हता. तिथे शहर पोलिसांचे नव्हे, तर परगण्याच्या शेरीफचे पोलीस. हद्दीची ही भानगड आपल्याला काही नवी नाही; ती सातासमुद्रापलीकडेही आहे, एवढेच. मित्र बाहेर गेला, तेव्हा ती घराच्या वाटेवर पडली होती आणि तो माणूस तिच्यावर वाकून होता. तिचा गळा आवळला होता. पुढचे पाच दिवस रुग्णालयात यंत्रांनी तिचा श्वास चालू ठेवला. मेंदू केव्हाच गेला होता. ४ नोव्हेंबरला यंत्रे थांबवली. आईवडिलांनी तिचे अवयव दुसऱ्या रुग्णांसाठी दिले.

‘हिल स्ट्रीट ब्लूज’चा तो भाग १८ नोव्हेंबरला, म्हणजे ती गेल्यावर दोन आठवड्यांनी, दाखवण्यात आला. तो तिच्या स्मृतीला अर्पण केला होता. ‘व्ही’मधले तिचे काम दुसऱ्या नटीने केले, १९८३ च्या मे महिन्यात ती मालिका लागली, तीही डॉमिनिकला अर्पण करून.

१९८३ च्या उन्हाळ्यात सांता मोनिकाच्या न्यायालयात खटला चालला. अमेरिकेत अशा खटल्याचा निकाल न्यायाधीश नव्हे, तर पंच, म्हणजे ज्यूरी देतात. आपल्याकडेही एके काळी ही पद्धत होती. १९५९ चा मुंबईतला नानावटी खटला घरातल्या वडीलधाऱ्यांना आठवत असेल. तिथे पंचांनी आठ विरुद्ध एक मतांनी आरोपीला निर्दोष ठरवले, आणि पुढे उच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. नानावटीच्या बाजूने एक मुद्दा मांडला गेला होता : एकाएकी माथे भडकले, भान सुटले, म्हणून हातून घडले. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९६१ साली तो नाकारला; माथे थंड व्हायला पुरेसा वेळ मधे गेला होता, असे म्हटले. डॉमिनिकच्या खटल्यातही आरोपीचा बचाव याच धर्तीचा. प्रेमात वेडा झालेला तरुण, क्षणभर भान सुटले. तो रोज न्यायालयात येई तो हातात बायबल घेऊन, देवळातल्या पोरासारखा गरीब चेहरा करून. हे तिच्या वडिलांनी लिहून ठेवले आहे.

क्षणभर म्हणजे किती? गळा आवळून जीव जायला चार ते सहा मिनिटे लागतात, असे वैद्यकीय पुराव्यात आले. तेव्हा सरकारी वकिलाने भर न्यायालयात चार मिनिटे शांतता पाळायला लावली. इथे नभोवाणीवर मी नुसता अर्धा मिनिट गप्प बसलो, तर तुम्ही रेडिओ बिघडला म्हणून खुंटी पिरगाळाल. चार मिनिटे! एवढ्या वेळात चुलीवरचा चहा होतो. त्या चार मिनिटांत कोणत्याही क्षणी हात सोडता आला असता.

पण खटल्याचे मर्म याहून वेगळ्या गोष्टीत होते. त्या माणसाची एक आधीची मैत्रीण साक्षीला उभी राहायला तयार झाली. तिने सांगितले, की याने मला दहा वेळा मारहाण केली, दोनदा मी रुग्णालयात पडले, कानाचा पडदा फाटला, फुप्फुस निकामी होऊन बसले. ही साक्ष झाली ती पंचांना बाहेर पाठवून. ती चालू असताना आरोपी एकदम उसळला आणि दाराकडे धावला. शिपायांनी त्याला धरून बसवले. पंचांनी हे पाहिले नाही. न्यायाधीशांनी ती साक्षच पंचांपुढे येऊ दिली नाही. त्यामुळे त्यांचे मन आरोपीविरुद्ध कलुषित होईल, असे म्हटले. डॉमिनिकच्या आईने आणि मित्रमैत्रिणींनी तिच्या तोंडून ऐकलेली भीती, तीही ऐकीव म्हणून बाजूला ठेवली. पूर्वनियोजित खुनाचा आरोप विचारात घेऊ नये, असेही पंचांना सांगण्यात आले.

कायद्याची बाजूही सांगितली पाहिजे. एखाद्याने काल चोरी केली म्हणून आजची चोरी त्यानेच केली असे धरू नये, हा नियम चांगलाच आहे. तो नसता, तर एकदा बदनाम झालेल्या गरिबाला प्रत्येक गुन्ह्यात गोवले असते. पण घरातली मारहाण ही एकेकटी घटना नसते. ती एक सवय असते. सवयीला सुट्या सुट्या दिवसांत कापले, की उरतो तो प्रत्येक वेळी नवा ‘रागाचा भर’. कॅलिफोर्नियाला हे उमजायला बरीच वर्षे लागली. १९९६ साली तिथे कायदा झाला, की घरगुती हिंसेच्या खटल्यात आरोपीने पूर्वी केलेल्या मारहाणीचा पुरावा न्यायाधीशांना योग्य वाटल्यास पुढे आणता येईल.

पंचांनी आठ दिवस विचार केला आणि २१ सप्टेंबर १९८३ रोजी निकाल दिला. खून नव्हे, रागाच्या भरात झालेला सदोष मनुष्यवध. आणि २६ सप्टेंबरच्या मारहाणीबद्दल किरकोळ गुन्हा. न्यायाधीशांनी पंचांचे आभार मानले, दोन्ही कुटुंबांच्या वतीने. तेव्हा डॉमिनिकचे वडील भर न्यायालयात उठून ओरडले, की आमच्या कुटुंबाच्या वतीने मुळीच नाही! शिक्षा झाली ती कायद्याने जास्तीत जास्त होती तेवढी : सहा वर्षे, आणि वर सहा महिने. त्यातलीही सुमारे साडेतीन वर्षेच भोगून तो १९८६ साली सुटला. पंचांच्या प्रमुखाने पुढे सांगितले, की दडवलेला पुरावा आम्हांला कळला असता, तर आम्ही तो खूनच मानला असता.

खटला चालू होता तेव्हा वडील रोज टिपणे काढीत होते. मार्च १९८४ मध्ये ती ‘व्हॅनिटी फेअर’ या मासिकात लेखरूपाने आली. निर्माता म्हणून बुडालेला हा माणूस त्या लेखाने लेखक म्हणून उभा राहिला. पुढे २००९ साली मरेपर्यंत तो मोठमोठ्या खटल्यांना जाऊन बसे आणि मेलेल्या माणसाच्या बाजूने लिही. त्याचे लेखन कधी कधी एकांगी होते, हे खरे आहे. मला त्याचा राग येत नाही. आईने चाकाच्या खुर्चीत बसून १९८४ साली ‘जस्टिस फॉर होमिसाइड व्हिक्टिम्स’ ही संस्था सुरू केली, खून झालेल्यांच्या नातेवाइकांसाठी. अशा नातेवाइकांना खटल्यात कोणी विचारत नाही, कोर्टात कुठे बसायचे तेही सांगत नाही. हे तिने स्वतः सोसले होते.

आणखी एका गोष्टीबद्दल बोललेच पाहिजे. ‘पोल्टरगाइस्ट’मधली धाकटी मुलगी, हेदर ओरूर्क, हीसुद्धा १९८८ साली अवघ्या बाराव्या वर्षी आतड्याच्या विकाराने गेली. झाले! लोकांनी हाकाटी पिटली, की त्या चित्रपटाला शाप आहे. आजही डॉमिनिकचे नाव निघाले की पहिल्यांदा हा शापच पुढे येतो. आपल्याकडे विहिरीत बाई सापडली की म्हणतात, त्या विहिरीला बळी लागतो. विहिरीचे नाव घेतले, की घराचे नाव घ्यावे लागत नाही. डॉमिनिकला कोणत्याही भुताने नेले नाही. एका आचाऱ्याच्या दोन हातांनी नेले, आणि ते हात दोनदा आधी दिसलेले होते.

आपल्याकडचे दोन शब्द, विशेषतः शिक्षक बंधुभगिनींसाठी. सांता मोनिकाचा तो निकाल लागला त्याच वर्षी, १९८३ च्या अखेरीस, आपल्या दंडसंहितेत ४९८-अ हे कलम आले : नवऱ्याने किंवा सासरच्यांनी केलेल्या क्रूरतेबद्दलचे. आता १ जुलै २०२४ पासून तोच गुन्हा भारतीय न्याय संहितेच्या ८५ आणि ८६ या कलमांत आहे. आणि २००५ चा कौटुंबिक हिंसाचाराचा कायदा २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू झाला. त्यात एक तरतूद आहे, ती पुष्कळांना ठाऊक नसते. तक्रार त्या बाईनेच केली पाहिजे असे नाही. हिंसा होते आहे असे ज्याला सकारण वाटते, असा कोणीही माणूस, शेजारी म्हणा, शिक्षक म्हणा, संरक्षण अधिकाऱ्याला कळवू शकतो. प्रामाणिक बुद्धीने दिलेल्या अशा माहितीबद्दल त्याच्यावर कसलीही कारवाई होत नाही. महिलांसाठी १८१ आणि तातडीसाठी ११२ हे टेलिफोन क्रमांक आहेत. माझ्या वर्गातल्या त्या मुलीच्या वेळी हे कायदे होते की नव्हते, असे मला कोणी विचारले, तर खरे उत्तर हे, की मी तेव्हा चौकशीच केली नव्हती.

डॉमिनिकची हकीकत आता थोडीच राहिली आहे. तो माणूस सुटल्यावर सांता मोनिकातल्याच एका उपाहारगृहात मुख्य आचारी म्हणून लागला. हे डॉमिनिकच्या आईला आणि भावाला कळले. तेव्हा ती दोघे त्या उपाहारगृहाच्या दाराशी जाऊन उभी राहिली, आई अर्थात खुर्चीत, आणि आत जेवायला जाणाऱ्या एकेकाच्या हातात छापील चिठ्ठी देऊ लागली. चिठ्ठीत लिहिले होते ते असे, की आज तुमचे जेवण ज्या हातांनी रांधले आहे, त्याच हातांनी डॉमिनिक डन या मुलीचा जीव घेतला. काही दिवसांत त्या माणसाने ती नोकरी सोडली आणि तो शहराबाहेर निघून गेला.